वाढत्या वयाच्या मुली आणि त्यांची पुस्तके

मुलगी दहा-अकरा वर्षांची झाली म्हणजे घरातील माणसांची तिच्याशी बोलण्याची रीत हळूहळू बदलू लागते. तोपर्यंत तिला गोष्टी सांगितल्या जातात. त्यानंतर सूचना दिल्या जातात. कसे बसावे, किती मोठ्याने हसावे, कोणत्या वेळी घरी परतावे, कोणासमोर काय बोलू नये, हे सारे तिला ऐकावे लागते. याच काळात तिच्या मनात प्रश्नांची गर्दी होत असते आणि नेमके ते प्रश्न विचारण्याची सोय घरात नसते. अशा वयात मुलीच्या हाती पडणारे पुस्तक हे केवळ करमणुकीचे साधन राहत नाही. ते एक प्रकारचे मोठे माणूस असते, आणि ते कोणत्या प्रकारचे मोठे माणूस आहे यावर पुष्कळ काही अवलंबून असते.

मराठीत अशा पुस्तकांची परंपरा दीडशे वर्षांहून अधिक जुनी आहे. ती परंपरा कशी घडली, तिने मुलींना काय दिले, कोणत्या गोष्टींविषयी ती दीर्घकाळ मौन राहिली, आणि महाराष्ट्राबाहेर वाढणाऱ्या मराठी मुलीला तिचा आज काय उपयोग आहे, यांचा विचार या प्रकरणात करावयाचा आहे.

१. छापील अक्षरापूर्वी

पुस्तके येण्यापूर्वी मुलींना मार्गदर्शन मिळत नव्हते असे नाही. जात्यावरची ओवी, भोंडल्याची आणि मंगळागौरीची गाणी, व्रतांच्या कहाण्या हे सारे मुलीचे शिक्षणच होते. लहान मुलगी आईच्या मांडीवर डोके ठेवून ओव्या ऐके, आणि सासर व माहेर, सवत व नणंद, मूल होणे व न होणे या सर्वांची ओळख तिला सुरांतून होई. गी पॉइतवँ आणि हेमा राईरकर यांनी महाराष्ट्रातील खेड्यापाड्यांतून अशा एक लाखाहून अधिक ओव्या संकलित करविल्या, यावरून या भांडाराच्या विस्ताराची कल्पना येईल. छत्तीसगढमध्ये दिवाळीच्या सुमारास टोपलीत पोपटाची प्रतिमा ठेवून तिच्याभोवती फेर धरून म्हटली जाणारी सुआ गीते हीदेखील याच जातीची आहेत. पोपटाला निरोप्या करून स्त्रिया आपले दुःख त्यांतून सांगतात.

या मौखिक शिक्षणात एक मोठा गुण होता: ते खोटे बोलत नव्हते. संसारातील कष्ट त्यात लपविले जात नसत. परंतु त्याची मर्यादाही तितकीच स्पष्ट होती. पुढे काय वाट्याला येणार आहे हे ते मुलीला सांगे. ते बदलता येईल असे मात्र क्वचितच सांगे. बदलाची कल्पना अक्षराबरोबर आली.

२. ‘मुलगी’ हा वाचक केव्हा निर्माण झाला

एकोणिसाव्या शतकातील पुस्तके चाळली असता एक गोष्ट प्रथम जाणवते. त्यांत ‘स्त्रियां’ना उद्देशून पुष्कळ लिहिलेले आढळते; वाढत्या वयाच्या मुलीला उद्देशून फारच थोडे. याचे कारण साहित्यात शोधण्यापेक्षा विवाहाच्या वयात शोधले पाहिजे. ज्या समाजात आठव्या-नवव्या वर्षी मुलीचे लग्न होई आणि बाराव्या-तेराव्या वर्षी ती सासरी नांदावयास जाई, त्या समाजात बालपण आणि संसार यांच्यामध्ये रिकामी अशी वर्षेच नव्हती. ‘वाढण्या’साठी जी मोकळी वर्षे लागतात ती आधी निर्माण व्हावी लागली.

ती फार सावकाश निर्माण झाली. १८९१ च्या कायद्याने संमतीचे वय दहावरून बारावर नेले, आणि तेवढ्यानेही महाराष्ट्रात मोठे वादळ उठले. १९२९ च्या शारदा कायद्याने मुलीच्या विवाहाचे किमान वय चौदा ठरविले, १९४९ मध्ये ते पंधरा झाले आणि १९७८ च्या दुरुस्तीने अठरा. कायदा आणि व्यवहार यांत अंतर राहिले हे खरे. तथापि प्रत्येक टप्प्यावर मुलीच्या आयुष्यात काही वर्षांची भर पडली, आणि त्या वर्षांत शाळा व पुस्तके यांना प्रवेश मिळाला. १९०१ च्या जनगणनेत भारतातील स्त्रियांचे साक्षरतेचे प्रमाण शेकडा एकदेखील नव्हते. २०११ मध्ये ते शेकडा ६४.६ झाले.

मोठ्यांनी मुलींसाठी लिहिण्यापूर्वीच मुलींनी स्वतः लिहावयास आरंभ केला होता, हेही येथे नमूद केले पाहिजे. जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी १८४८ मध्ये पुण्यात मुलींची शाळा काढली. त्यांच्या शाळेत शिकणाऱ्या मुक्ता या मांग समाजातील किशोरवयीन मुलीने महार-मांगांच्या दुःखाविषयी एक निबंध लिहिला आणि तो १८५५ मध्ये ‘ज्ञानोदय’ मध्ये छापून आला. त्या निबंधात तिने धर्माच्या नावाने चालणाऱ्या अन्यायाविषयी थेट प्रश्न विचारले आहेत. थोडक्यात, वाढत्या वयाची मुलगी मराठी छापील जगात प्रथम आली ती उपदेश ऐकणारी म्हणून नव्हे, तर प्रश्न विचारणारी म्हणून. पुढील अनेक दशके तिच्यासाठी पुस्तके लिहिणाऱ्यांना याचे स्मरण राहिले नाही.

३. उपदेशाचे पुस्तक

पंडिता रमाबाई यांचे ‘स्त्रीधर्मनीति’ हे पुस्तक १८८२ मध्ये प्रसिद्ध झाले. मार्गदर्शनपर पुस्तकांच्या प्रकारातील हा एक महत्त्वाचा ग्रंथ होय. लेखिकेचे वय त्या वेळी अवघे चोवीस वर्षांचे होते. वडील अनंतशास्त्री डोंगरे यांच्या घरी तिने संस्कृत विद्या मिळविली होती, तीर्थयात्रांत आईवडील गमावले होते, कलकत्त्याच्या पंडितांकडून ‘सरस्वती’ ही पदवी मिळविली होती, आणि त्याच वर्षी तिला वैधव्य आले होते.

एवढ्या असामान्य आयुष्यातून आलेले हे पुस्तक वाचकाला प्रथम काहीसे निराश करते. विद्या, विनय, गृहकृत्ये, मुलांचे संगोपन अशा विषयांवर ते स्त्रियांना शिस्तीचा उपदेश करते. स्त्रियांच्या आळसाबद्दल आणि अज्ञानाबद्दल त्यांनाच बोल लावते. परंतु जरा अधिक लक्षपूर्वक पाहिल्यास त्यातील दुसरा सूर ऐकू येतो. स्त्रीने स्वतःची उन्नती स्वतः करावी, दुसऱ्याच्या आधाराची वाट पाहू नये, विवाह समजत्या वयात व्हावा, हे विचार त्या उपदेशाच्या आवरणाखाली उभे आहेत. पुस्तकाच्या विक्रीतून मिळालेल्या पैशाचा उपयोग लेखिकेने १८८३ मध्ये इंग्लंडला जाण्यासाठी केला. म्हणजे जे पुस्तक इतर स्त्रियांना घर नीट सांभाळण्यास सांगत होते, त्यानेच आपल्या लेखिकेला घराच्या व देशाच्या सीमेपलीकडे नेले. १८८९ मध्ये त्यांनी मुंबईत शारदा सदन सुरू केले आणि ते पुढच्या वर्षी पुण्यास हलविले. तेथे आलेल्या बालविधवांना त्यांनी जे दिले ते उपदेशापेक्षा पुष्कळ अधिक होते.

त्याच १८८२ साली वऱ्हाडातील बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांचे ‘स्त्रीपुरुष तुलना’ हे लहानसे पुस्तक निघाले. त्याचा सूर अगदी वेगळा होता. सर्व दोष स्त्रीच्या पदरी बांधणाऱ्या समाजाला आणि धर्मग्रंथांना त्यांनी जाब विचारला. या दोन पुस्तकांना शेजारी ठेवून वाचणे हा आजही चांगला अभ्यास ठरेल. एक पुस्तक मुलीला म्हणते, तू सुधार. दुसरे म्हणते, तुला नावे ठेवणाऱ्यांकडे जरा निरखून पाहा. वाढत्या वयाच्या मुलीला दोन्ही वाक्ये कधी ना कधी ऐकावी लागतात. पहिलेच सतत ऐकविले आणि दुसरे कधीच ऐकविले नाही, तर ती स्वतःविषयी कायम साशंक राहते.

मुलींना काय शिकवावे हा वाद केवळ पुस्तकांपुरता नव्हता. १८८४ मध्ये पुण्यात मुलींचे हायस्कूल, म्हणजेच पुढे हुजूरपागा या नावाने ओळखली जाणारी शाळा, सुरू झाली. तेव्हा तिच्या अभ्यासक्रमावर लोकमान्य टिळकांनी ‘केसरी’तून टीका केली. धोंडो केशव कर्वे यांनी १९१६ मध्ये महिला विद्यापीठ काढले. त्यात शिक्षणाचे माध्यम मातृभाषा ठेवले आणि गृहजीवनाला उपयुक्त विषयांना जागा दिली. मुलगी ही भावी गृहिणी म्हणून शिकवावयाची की एक स्वतंत्र व्यक्ती म्हणून, हा प्रश्न या सर्व वादांच्या मुळाशी होता, आणि मुलींसाठी लिहिलेल्या प्रत्येक मार्गदर्शक पुस्तकाला त्याचे उत्तर, कळत वा नकळत, द्यावेच लागते.

४. दुसऱ्या स्त्रीचे आयुष्य

उपदेशापेक्षा उदाहरण अधिक पटते. मराठी मुलींना खरा धीर मिळाला तो नीतिपाठांपेक्षा स्त्रियांच्या चरित्रांतून आणि आत्मचरित्रांतून.

आनंदीबाई जोशी यांचे लग्न नवव्या वर्षी झाले. १८८३ मध्ये त्या अमेरिकेस गेल्या, १८८६ मध्ये पेनसिल्व्हेनियातील स्त्रियांच्या वैद्यकीय महाविद्यालयाची पदवी त्यांनी मिळविली, आणि २६ फेब्रुवारी १८८७ रोजी, वयाची बावीस वर्षेही पुरी झालेली नसताना, पुण्यात त्यांचे निधन झाले. त्यांचे मराठी चरित्र काशीबाई कानिटकर यांनी लिहिले. काशीबाई स्वतः लग्नानंतर लिहावाचावयास शिकलेल्या होत्या. म्हणजे एका अल्पवयीन वधूने प्रयत्नाने मिळविलेले अक्षर दुसऱ्या अल्पवयीन वधूची कथा सांगण्याच्या कामी आले.

रमाबाई रानडे यांचे ‘आमच्या आयुष्यांतील कांहीं आठवणी’ हे पुस्तक १९१० मध्ये प्रसिद्ध झाले. अकराव्या वर्षी न्यायमूर्ती रानडे यांच्या घरी आलेल्या या मुलीला पतीने शिकविण्यास आरंभ केला, आणि घरातील वडीलधाऱ्या स्त्रियांना ते मानवले नाही. पती शिकण्याचा आग्रह धरीत आहे, सासरच्या बायका त्याच कारणासाठी टोचून बोलत आहेत, आणि मध्ये ही मुलगी दोन्ही बाजू सांभाळीत आहे. शिक्षणाची अडचण केवळ पुरुषांकडून येते असे समजणाऱ्या वाचकाला हे पुस्तक विचार करावयास लावते. कोणाचाही तिरस्कार न करता, पण काहीही न लपविता, रमाबाईंनी हे सांगितले आहे.

कथेच्या क्षेत्रातही हाच काळ महत्त्वाचा आहे. हरि नारायण आपटे यांची ‘पण लक्षांत कोण घेतो?’ ही कादंबरी १८९० पासून ‘करमणूक’ साप्ताहिकातून क्रमशः प्रसिद्ध झाली. तिची कथा यमू ही मुलगी स्वतःच सांगते. लेखक पुरुष असला तरी निवेदनाची जागा मुलीला मिळाली, आणि मध्यमवर्गीय घराच्या माजघरात मुलीच्या मनात काय चालते हे वाचकांनी तिच्या तोंडून ऐकले.

ही पुस्तके बहुतांशी उच्चवर्णीय घरांतील होती. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ही उणीव भरून निघू लागली. नागपूरच्या कुमुद पावडे यांचे ‘अंतःस्फोट’ १९८१ मध्ये आले. दलित घरातील मुलीने संस्कृत शिकावयाचे ठरविले म्हणजे शाळेत, समाजात आणि पुढे नोकरीच्या शोधात तिला काय सोसावे लागते, हे त्यात आहे. शिक्षिका झालेल्या शांताबाई कांबळे यांचे ‘माज्या जल्माची चित्तरकथा’ आणि बेबी कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’ ही दोन्ही पुस्तके १९८६ मध्ये ग्रंथरूपाने आली. उर्मिला पवार यांचे ‘आयदान’ २००३ चे. ज्या मुलीला दोन वेळचे जेवण, गणवेश आणि जातीवरून होणारी हेटाळणी या प्रश्नांतून शाळा गाठावी लागते, तिला ‘स्वतःवर विश्वास ठेव’ एवढे सांगून भागत नाही. तिच्यासारख्याच परिस्थितीतून कोणी तरी पुढे गेले आहे, आणि कसे गेले, हे तपशिलाने सांगणारे पुस्तक तिला हवे असते.

५. शरीराविषयीचे मौन

इतक्या समृद्ध परंपरेत एक मोठी पोकळी मात्र दीर्घकाळ राहिली. वाढणे म्हणजे प्रथम शरीराचे वाढणे. नेमका हाच विषय मुलींच्या पुस्तकांतून वगळला गेला.

रघुनाथ धोंडो कर्वे यांनी १९२७ मध्ये ‘समाजस्वास्थ्य’ मासिक सुरू केले आणि १९५३ पर्यंत, म्हणजे आपल्या मृत्यूपर्यंत, चालविले. लैंगिक आरोग्याविषयी शास्त्रीय माहिती साध्या भाषेत देणे हा त्याचा हेतू होता. त्यासाठी त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले झाले. १९३४ च्या खटल्यात त्यांची बाजू डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी मांडली. माहिती देणाऱ्या प्रौढाचीच ही स्थिती असताना ती माहिती मुलीपर्यंत पोहोचणे शक्यच नव्हते. ‘विभावरी शिरूरकर’ या नावाने १९३३ मध्ये ‘कळ्यांचे निःश्वास’ हा कथासंग्रह निघाला. शिकलेल्या, अविवाहित, कमावत्या तरुण स्त्रियांच्या भावना त्यात आहेत. त्यावर एवढा गहजब झाला की लेखिकेने, म्हणजे मालती बेडेकर यांनी, टोपणनाव घेतले होते हे शहाणपणाचेच ठरले. १९३० मध्ये शंकरराव किर्लोस्कर यांनी सुरू केलेल्या ‘स्त्री’ मासिकाने पुढे अनेक विषयांना वाट करून दिली, आणि १९८९ मध्ये विद्या बाळ यांनी सुरू केलेल्या ‘मिळून साऱ्याजणी’ने ती वाट रुंद केली, तरीही शाळकरी मुलीच्या हाती देता येईल असे पुस्तक दुर्मिळच राहिले.

या मौनाची किंमत किती होती हे गडचिरोलीतील एका अभ्यासाने दाखविले. डॉ. राणी बंग, डॉ. अभय बंग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दोन खेड्यांतील ६५० स्त्रियांची तपासणी केली आणि निष्कर्ष १९८९ मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध केले. त्यांपैकी शेकडा ९२ स्त्रियांना कोणता ना कोणता स्त्रीरोग होता. त्यापूर्वी अशी तपासणी झालेल्या स्त्रिया शेकडा ८ होत्या. बाकीच्यांनी दुखणे अंगावर काढले होते. दवाखान्यांचा आणि स्त्री-डॉक्टरांचा अभाव हे याचे एक कारण खरे. पण जे दुखणे शब्दांत सांगावयासच कोणी शिकविले नाही ते डॉक्टरपर्यंत जाणार कसे, हा प्रश्नही तितकाच खरा आहे. पुढे राणी बंग यांनी किशोरवयीन मुलामुलींसाठी ‘तारुण्यभान’ हा उपक्रम चालविला, त्यामागे हाच अनुभव होता.

येथे भाषेचा प्रश्न फार महत्त्वाचा ठरतो. मासिक पाळीसाठी मराठी घरांत पूर्वापार वापरले जाणारे शब्द पाहावेत: कावळा शिवला, बाहेरची झाली, अडचण आली, विटाळ. यांतील एकही शब्द शरीरात काय घडते हे सांगत नाही. मुलीने कोठे बसावे आणि कशाला शिवू नये एवढेच सांगतो. ‘पाळी’ हा त्या मानाने निर्मळ शब्द. ज्या पुस्तकाने मुलीला गर्भाशय, बीजकोश, अंतस्त्वचा यांची नावे सांगितली, दर महिन्याला आतील अस्तर का निर्माण होते आणि का गळून पडते हे समजावले, रक्तस्रावाची साधारण मुदत किती आणि केव्हा डॉक्टरकडे जावे हे सांगितले, त्याने तिच्या मनातील अपवित्रतेची कल्पना वाद न घालताही सैल केली. अलीकडे अदिती गुप्ता यांच्या ‘मेन्स्ट्रुपीडिया’ या चित्रकथेसारखी पुस्तके अनेक भारतीय भाषांत निघाली आहेत आणि शाळांतून वापरली जात आहेत. त्यांचे यश त्यांतील चित्रांइतकेच त्यांतील शांत, सरळ स्वराचे आहे.

६. पत्रे: संवादाचा एक आदर्श

मार्गदर्शनाचा सर्वांत सुखद प्रकार म्हणजे पत्र. उपदेशाच्या पुस्तकात वाचक अनेक असतात आणि कोणीच नसते. पत्रात एकच मुलगी असते, आणि म्हणून प्रत्येक मुलीला ते आपल्यालाच लिहिले आहे असे वाटते.

जवाहरलाल नेहरूंनी १९२८ च्या उन्हाळ्यात मसुरीला असलेल्या दहा वर्षांच्या इंदिरेला लिहिलेली पत्रे १९२९ मध्ये पुस्तकरूपाने आली, आणि त्यांचा हिंदी अनुवाद प्रेमचंदांनी केला. पृथ्वी कशी झाली, जीव कसे निर्माण झाले, माणसे समाज करून का राहू लागली, हे विषय त्यांत आहेत. विशेष हे की मुलीला लिहीत आहोत म्हणून त्यात शिवणटिपण किंवा विनय यांवर पाठ नाहीत. संपूर्ण जग हा तिचा विषय आहे असे गृहीत धरूनच ती लिहिली आहेत, आणि हे गृहीत धरणे हेच त्यांतील सर्वांत मोठे प्रोत्साहन आहे.

साने गुरुजींनी आपली पुतणी सुधा हिला लिहिलेली पत्रे ‘साधना’ साप्ताहिकातून येत असत. ती ‘सुंदर पत्रे’ या नावाने संग्रहित झाली. गुरुजींच्या आयुष्याच्या शेवटच्या काळातील हे लेखन आहे; १९५० मध्ये त्यांचे निधन झाले. फुले, पाखरे, कोकणातील पाऊस, वाचलेली पुस्तके, देशातील घडामोडी, जातिभेदाची लाज, असे सारे त्यात एकमेकांत मिसळून येते. येथेही मुलीला लहान लेखलेले नाही. काकाला वाटणारी खिन्नताही तो तिच्यापासून लपवीत नाही.

७. महाराष्ट्राबाहेरील मराठी मुलगी

आतापर्यंतचा विचार महाराष्ट्र गृहीत धरून केला. परंतु मराठी मुलगी केवळ पुण्यात किंवा नागपुरातच वाढते असे नाही. रायपूरच्या समता कॉलोनीचे उदाहरण घ्यावे. लगतच्या चौबे कॉलोनीत महाराष्ट्र मंडळ आहे. या शहराचा मराठीशी संबंध जुना आहे: अठराव्या शतकात नागपूरकर भोसल्यांची सत्ता छत्तीसगढवर आली, पुढे १८६१ पासून १९५६ पर्यंत नागपूर हीच या प्रदेशाची राजधानी होती. राज्यांची पुनर्रचना झाली, २००० मध्ये छत्तीसगढ हे स्वतंत्र राज्य झाले, तरी नोकरी, वकिली, शिक्षण यांच्या निमित्ताने आलेली मराठी कुटुंबे येथेच राहिली.

या शहरातील स्त्रीशिक्षणाच्या इतिहासातही एक मराठी नाव आहे. माधवराव सप्रे यांची मातृभाषा मराठी. कीर्ती मात्र हिंदी लेखक आणि संपादक म्हणून. १९०० मध्ये त्यांनी पेंड्रा येथून ‘छत्तीसगढ मित्र’ काढले, समर्थांचा दासबोध आणि टिळकांचे गीतारहस्य हिंदीत आणले, आणि १९१२ च्या सुमारास रायपूरमध्ये मुलींसाठी जानकीदेवी पाठशाळा सुरू केली. मराठीतील उत्तम ग्रंथ हिंदी वाचकाला देणारा अनुवादक आणि मुलींची शाळा काढणारा कार्यकर्ता हे एकच गृहस्थ होते, हा योगायोग मानण्याचे कारण नाही. ज्ञान एका भाषेत, एका वर्णात किंवा एका लिंगात अडकून राहू नये, हीच दोन्ही कामांमागील प्रेरणा होय.

समता कॉलोनीसारख्या वस्तीतील मराठी घरातल्या मुलीची भाषिक स्थिती कशी असते? घरी मराठी, शाळेत हिंदी किंवा इंग्रजी, बाजारात हिंदी आणि छत्तीसगढी. आजी म्हणते ‘अडचण’, शाळेतील पुस्तक म्हणते ‘मासिक धर्म’, मैत्रिणी म्हणतात ‘पीरियड’. एकाच घटनेला तीन शब्द, आणि प्रत्येक शब्दामागे वेगळी दृष्टी. शाळेतील भाषेत तिला नियम आणि व्याख्या मिळतात; घरच्या भाषेत माया मिळते आणि बंधनेही मिळतात. आईशी मनातले बोलावयाचे तर ते मराठीतच बोलावे लागणार, पण त्या बोलण्यासाठी लागणारे मराठी शब्द तिला शाळेने दिलेले नाहीत. मातृभाषा अशा रीतीने स्वयंपाकघर आणि सणवार यांच्यापुरती उरते.

या अडचणीवर मराठी पुस्तक हा एक चांगला उपाय आहे, आणि तो दिसतो तितका कठीण नाही. देवनागरी लिपी तिला येतेच. ‘ळ’ आणि जोडशब्दांच्या सवयीपुरता काय तो वेळ लागतो. मात्र आरंभ ‘स्त्रीधर्मनीति’सारख्या संस्कृतप्रचुर ग्रंथाने करून चालणार नाही. शांता शेळके यांनी लुईसा मे अल्कॉट यांच्या ‘लिट्ल विमेन’चा केलेला ‘चौघीजणी’ हा अनुवाद, किंवा नॅशनल बुक ट्रस्टने मराठीत आणलेले तेत्सुको कुरोयानागी यांचे ‘तोत्तोचान’, अशी पुस्तके तिला सहज वाचता येतील. अमेरिकेतील चार बहिणी आणि तोक्योमधील एक खोडकर विद्यार्थिनी मराठीत बोलू लागल्या, की मराठी ही केवळ आजीची भाषा न राहता जगाची भाषा होते. त्यानंतर ‘सुंदर पत्रे’, मग रमाबाई रानडे, मग कुमुद पावडे, असा क्रम लावता येतो. आईने आणि मुलीने तेच पुस्तक आळीपाळीने वाचले, तर ज्या गोष्टी समोरासमोर विचारता येत नाहीत त्या पुस्तकातील पात्राच्या निमित्ताने विचारता येतात.

८. निवड करताना

ग्रंथालयाने आणि पालकांनी मुलींसाठी पुस्तके निवडताना पुढील प्रश्न स्वतःला विचारणे उपयुक्त ठरेल.

पहिला प्रश्न: या पुस्तकाला मुलीविषयी कुतूहल आहे की केवळ काळजी? काळजीपोटी लिहिलेली पुस्तके धोक्यांची यादी देतात. कुतूहलाने लिहिलेली पुस्तके तिला काय आवडते, काय जमते, काय खटकते याकडे लक्ष देतात. सावधगिरीच्या सूचना आवश्यक आहेत, परंतु पुस्तकभर तेवढेच असेल तर घराबाहेरचे जग भयाण आहे एवढाच धडा उरतो.

दुसरा प्रश्न: माहिती अचूक व पुरेशी आहे का? शरीर, आहार, रक्तक्षय, कायदा, शिष्यवृत्त्या यांविषयी गुळमुळीत लिहिणे हे न लिहिण्यापेक्षा वाईट. कायदे आणि योजना बदलतात, म्हणून आवृत्तीचे वर्ष पाहूनच अशी पुस्तके घ्यावीत.

तिसरा प्रश्न: पुस्तकातील दोष कोणाच्या माथी मारला आहे? मुलीला त्रास झाला तर तिचा पोशाख, तिची वेळ, तिचे हसणे यांची चर्चा करणारे पुस्तक, कितीही गोड भाषेत असले तरी, दूर ठेवावे.

चौथा प्रश्न: त्यात कोणत्या मुली आहेत? सर्व नायिका शहरी, सधन आणि पहिल्या क्रमांकाने उत्तीर्ण होणाऱ्या असतील, तर बहुसंख्य वाचक मुलींना आपण या गोष्टीतल्या नाही असेच वाटेल. सामान्य गुण मिळविणारी, एकदा नापास होऊन पुन्हा परीक्षेला बसणारी, घरकाम करून शिकणारी मुलगीही पुस्तकात असली पाहिजे.

पाचवा प्रश्न: हेच पुस्तक मुलाने वाचले तर चालेल काय? मुलींच्या अनेक अडचणी मुलांच्या वागण्यातून उद्भवतात. पाळी म्हणजे काय हे बहिणीला कळले आणि भावाला कळले नाही, तर घर अर्धेच शिकले. म्हणून ‘मुलींसाठी’ अशी चिठ्ठी लावून ही पुस्तके वेगळ्या कपाटात ठेवण्यापेक्षा सर्वांच्या कपाटात ठेवणे इष्ट.

याला जोडूनच एक व्यावहारिक सूचना करणे जरूर आहे. चांगले पुस्तक ग्रंथालयात असणे आणि ते मुलीच्या हाती पडणे यांत अंतर असते. कुलूपबंद कपाटातील पुस्तक मागावयाचे म्हणजे ग्रंथपालासमोर त्याचे नाव उच्चारावे लागते, आणि शरीराविषयीचे पुस्तक असेल तर तेरा वर्षांची मुलगी ते नाव उच्चारणार नाही. अशी पुस्तके खुल्या मांडणीवर, तिच्या उंचीच्या फळीवर, विज्ञान आणि चरित्रे यांच्या शेजारी ठेवावीत. ती तेथेच बसून वाचण्याची मुभा असावी, आणि घरी नेण्याची नोंद करताना कोणी भुवया उंचावू नयेत. मुलींना शाळेतून परतण्याच्या व अंधार पडण्याच्या मधल्या वेळात वाचनालय उघडे राहील अशा वेळा ठरवाव्यात; सायंकाळी उशिरा उघडणारे वाचनालय बहुतेक मुलींच्या दृष्टीने बंदच असते. एवढी व्यवस्था करण्यासाठी मोठ्या निधीची आवश्यकता नाही. फळीची उंची, दाराची वेळ आणि टेबलामागे बसलेल्या माणसाची वागणूक या तीन गोष्टी नीट असल्या, तरी पुष्कळ मुली आपणहून आत येतील.